गेम क्रॅश होतोय? थांबा, फॉरमॅट मारू नका!

मित्रहो, होस्टेलवर कॉम्प्युटर रुसला की त्यावर ठरलेले उपाय असतात. रीस्टार्ट कर. ड्रायव्हर पुन्हा टाक. नाहीच जमलं तर फॉरमॅट मार. आणि त्यानेही भागलं नाही तर घरी फोन करून सांग, "रॅम गेलीय, पैसे पाठवा." या चारही उपायांत एक गोष्ट समान आहे. बिघाड नेमका कुठे आहे, हे यात कुणीच शोधत नाही!

हा लेख त्या शोधण्याबद्दल आहे. उदाहरण घेतलंय मॉड टाकलेल्या आणि सारख्या क्रॅश होणाऱ्या गेमचं. प्राध्यापक मंडळींनी कृपया रागावू नये. लॅबमध्ये प्रयोग चुकला तर आपण शेजाऱ्याची रीडिंग्ज उतरवून मोकळे होतो, पण गेम बंद पडला तर रात्री तीनपर्यंत जागतो. जिथे जीव अडकलेला असतो तिथेच माणूस मन लावून शिकतो. म्हणून गेमच घेतला.

आधी थोडी ओळख

गेम आहे स्कायरिम. बेथेस्डा कंपनीने तो ११ नोव्हेंबर २०११ रोजी काढला. २८ ऑक्टोबर २०१६ रोजी त्याची 'स्पेशल एडिशन' आली. दोन्हींत वरवर फरक दिसतो तो चित्रांच्या चकचकीतपणाचा. पण खरा फरक आत आहे. जुना गेम ३२ बिटचा होता, म्हणजे मशीनमध्ये कितीही रॅम असली तरी त्याला ४ जीबीच्या पुढे हात पोचत नसे. स्पेशल एडिशन ६४ बिटची आहे, त्यामुळे ती भिंत गेली. त्याबरोबर जुन्या गेमसाठी केलेल्या काही फाइल्सही निकामी झाल्या. जुन्या गेमची अॅनिमेशन फाइल तशीच उचलून नव्यात टाकली, तर गेम हमखास उडतो.

मॉड म्हणजे खेळणाऱ्यांनी स्वतः तयार केलेली भर. नवं गाव, नवी तलवार, नवे सोबती, चांगली झाडं, काहीही. यातल्या बऱ्याच मॉडबरोबर 'प्लगइन' नावाची एक फाइल येते. मूळ गेममधल्या कुठल्या नोंदी बदलायच्या, ते त्यात लिहिलेलं असतं. दोन प्लगइनांनी एकच नोंद बदलली तर काय होतं? आपला नोटीस बोर्ड आठवा. एकाच खिळ्यावर तीन नोटिसा टोचल्या की सगळ्यात वरची वाचली जाते. इथेही शेवटी लोड होणारा प्लगइन जिंकतो. या क्रमालाच 'लोड ऑर्डर' म्हणतात.

प्रत्येक नोंदीला आठ अंकी हेक्साडेसिमल क्रमांक असतो आणि त्यातले पहिले दोन अंक प्लगइनचा लोड ऑर्डरमधला नंबर सांगतात. दोन हेक्स अंकांत २५६ नंबर बसतात. त्यातला शेवटचा 'एफएफ' गेम स्वतःकडे राखून ठेवतो. स्पेशल एडिशनमध्ये 'एफई' हा नंबर हलक्या प्लगइनांना दिलेला आहे. उरले २५४. म्हणून पूर्ण प्लगइन २५४ पेक्षा जास्त चालत नाहीत, आणि त्यातच मूळ गेमच्या फाइल्सही आल्या. हलके मात्र पुढचे तीन अंक वापरून ४०९६ पर्यंत बसतात. 'याच्याकडे चारशे मॉड चालतात, माझ्याकडे का नाही' या वादाचं उत्तर बहुतेक वेळा इथेच असतं.

पहिला प्रश्न : केव्हा?

डॉक्टर औषध देण्याआधी विचारतात, कधीपासून दुखतंय, कुठे दुखतंय. आपणही आधी कागद-पेन घ्यावं. क्रॅशचे ढोबळमानाने तीन प्रकार पडतात.

एक, मुख्य मेनू येण्याआधीच गेम बंद. इथे पहिला संशय 'मास्टर' हरवल्याचा. काही प्लगइन दुसऱ्या प्लगइनवर उभे असतात. खालचा काढला आणि वरचा तसाच ठेवला, तर गेम सुरूच होत नाही. दुसरा संशय आवृत्तीचा. अनेक मॉडना 'स्क्रिप्ट एक्स्टेंडर' लागतो. तो गेमच्या मुख्य प्रोग्रामला आतून जोडला जातो, म्हणून गेमची आवृत्ती आणि त्याची आवृत्ती तंतोतंत जुळावी लागते. ११ नोव्हेंबर २०२१ रोजी अॅनिव्हर्सरी एडिशनच्या वेळी गेम १.६ आवृत्तीवर गेला, आणि आदल्या दिवशीपर्यंत मजेत चालणारे कितीतरी सेटअप एका अपडेटने झोपले. प्रोग्राम नव्या कंपायलरने बांधला होता, त्यामुळे आतल्या फंक्शन्सचे पत्ते बदलले आणि जुने डीएलएल चुकीच्या दारावर थापा मारू लागले. "मी काहीच बदललं नाही" असं आपण म्हणतो तेव्हा रात्री आपोआप आलेला अपडेट आठवावा.

दोन, प्रत्येक वेळी त्याच जागी किंवा तेच काम करताना क्रॅश. हा खरं तर सर्वात सज्जन क्रॅश! जो बोलावला की येतो, तो पकडता येतो.

तीन, कुठेही, केव्हाही. हा त्रासदायक. यात मेमरी, तापमान, पॉवर, ओव्हरक्लॉकिंग असे हार्डवेअरचे संशयितही धरावे लागतात. पण हार्डवेअरचं दुखणं एका गेमपुरतं राहत नाही, ते दुसऱ्या जड प्रोग्राममध्येही डोकं वर काढतं. तेव्हा मॉड न टाकलेला गेम तासभर चालवून पाहा आणि रात्रभर मेमटेस्ट लावून ठेवा. दोन्ही फुकट आहेत.

लॉग वाचा, पण त्यावर आंधळा विश्वास नको

स्कायरिम क्रॅश होताना स्वतः काही सांगत नाही, खिडकी नुसती नाहीशी होते. त्यासाठी 'क्रॅश लॉगर' हा मॉड टाकावा लागतो. मग प्रत्येक क्रॅशनंतर एक टेक्स्ट फाइल मिळते. तिच्यात वरच बहुधा 'अॅक्सेस व्हायोलेशन' लिहिलेलं असतं, कोड सी००००००५. घाबरू नका. याचा अर्थ इतकाच, की प्रोग्रामने मेमरीतल्या अशा पत्त्यावर हात घातला जिथे त्याला परवानगी नव्हती. सी शिकताना नल पॉइंटरने आपल्या सगळ्यांनाच हा प्रसाद दिलेला आहे.

त्याखाली स्टॅक असतो आणि त्या क्षणी हाताळल्या जाणाऱ्या वस्तूंची यादी असते. त्यात एखाद्या मॉडचं नाव दिसलं की आपण लगेच त्याला फासावर चढवतो. पण लॉग सांगतो तो कोण पडला ते. ढकललं कुणी, हे त्यात असेलच असं नाही. म्हणून लॉगमधलं नाव संशयित म्हणून टिपून ठेवा. शिक्षा प्रयोगानंतर.

लांडगा आणि कुंपण

आता मुख्य मुद्दा. समजा ९६ प्लगइन आहेत. एकेक काढून पाहायचा म्हटलं, तर वाईटात वाईट ९६ वेळा गेम चालवावा लागेल. एका चाचणीला पाच मिनिटं धरली तरी आठ तास!

१९८२ साली एडवर्ड गॉस यांनी 'कम्युनिकेशन्स ऑफ द एसीएम' या नियतकालिकात डीबगिंगची एक युक्ती मांडली होती. अलास्कात एकच लांडगा आहे, तो शोधायचा कसा? मधोमध कुंपण घाला आणि तो ओरडण्याची वाट पाहा. आवाज ज्या बाजूने येईल त्या बाजूच्या पुन्हा मधोमध कुंपण. असं करत करत लांडगा एवढ्याशा जागेत कोंडला जातो. दुसऱ्या वर्षाला बायनरी सर्च शिकलोय ना, तेच हे. ९६ चे ४८, मग २४, १२, ६, ३, आणि मग फार तर दोन चाचण्या. एकूण सात. आठ तासांचं काम पाऊण तासाच्या आत.

दोन पथ्यं पाळायची. अर्धे मॉड बंद करताना मास्टर बंद आणि त्याच्यावरचा चालू असं होऊ देऊ नका. जे एकमेकांवर उभे आहेत ते एकत्रच हलवा. आणि चाचणी आपल्या खऱ्या सेव्हवर करू नका. मुख्य मेनूतच कन्सोल उघडून 'सीओसी रिव्हरवूड' अशी आज्ञा दिली की गेम आपल्याला थेट त्या गावात सोडतो. तिथे चाचणी करा आणि सेव्ह न करता बाहेर पडा. मॉड ऑर्गनायझर वापरत असाल तर चाचणीसाठी वेगळं प्रोफाइल करा, म्हणजे मूळ मांडणीला धक्का लागत नाही.

आमच्या विंगमधली केस

आमच्या विंगमधल्या एका ज्युनियरचा लॅपटॉप 'बिघडला' होता. स्कायरिम खेळताना रिव्हरवूडहून व्हाईटरनकडे निघालं की पुलाजवळ गेम बंद. त्याने ड्रायव्हर बदलले, गेम पुन्हा टाकला. शेवटी लॅपटॉप दुकानात नेला. दुकानदाराने उघडूनही न पाहता सांगितलं, "रॅम गेली, साडेतीन हजार होतील." साडेतीन हजार म्हणजे आमच्या मेसचं महिन्याचं बिल आणि वर थोडे. त्यात मिनी प्रोजेक्टचा रिव्ह्यू चार दिवसांवर, सगळा कोड त्याच मशीनवर, आणि पठ्ठ्या फॉरमॅटलाही तयार! घरी फोन कधी करावा एवढंच ठरायचं बाकी होतं.

मी म्हटलं, "अरे, फोन उद्या कर. आज रात्री मेमटेस्ट लावू."

सकाळी निकाल आला : एकही चूक नाही. मग मॉड न टाकता गेम चालवला, तोच रस्ता, तोच पूल, काही झालं नाही. मग सगळे मॉड चालू करून नवा गेम, सीओसी रिव्हरवूड, चालत पुलापर्यंत. क्रॅश! या तीन चाचण्यांत पुष्कळ कळलं. रॅम ठीक, मूळ गेम ठीक, त्याची ६१ तासांची सेव्ह फाइलही दोषी नाही, कारण क्रॅश नव्या गेममध्येही आला. उरले ९६ प्लगइन.

लॉगमध्ये एका सोबती देणाऱ्या मॉडचं नाव होतं. ज्युनियरने तो आधीच काढून पाहिला होता आणि क्रॅश तसाच होता. म्हणून अर्धे-अर्धे सुरू केलं. पहिले ४८ चालू : ठीक. दुसरे ४८ चालू : ठीक!

"म्हणजे लांडगा गेला कुठे?" ज्युनियर म्हणाला.

तर मंडळी, लांडगे दोन होते, आणि ते एकत्र आले तरच ओरडत होते. अशा वेळी जोड्या तपासायला बसलात तर ९६ च्या ४५६० जोड्या होतात. पण तेवढं करायची गरज नाही. पहिला गट पूर्ण चालू ठेवायचा आणि दुसऱ्या गटाचे अर्धे-अर्धे करत जायचं. जास्तीत जास्त सहा चाचण्यांत दुसऱ्या गटातला गुन्हेगार मिळतो. मग तो एकटा चालू ठेवून पहिल्या गटाचे अर्धे-अर्धे करायचे. आणखी सहा. आंद्रेआस त्सेलर यांची 'डेल्टा डीबगिंग' नावाची पद्धत याच जातीची आहे, तीही जरूर वाचा.

दीड तासात जोडी हाती लागली. एक मॉड रिव्हरवूड गाव मोठं करणारा, दुसरा पुलाजवळ नवं घर बांधणारा. गेममधली माणसं कुठून चालू शकतात याचा जमिनीवर एक अदृश्य नकाशा असतो, त्याला 'नॅवमेश' म्हणतात. घरवाल्या मॉडने त्याचा एक तुकडा पुसून टाकला होता आणि गाववाला मॉड त्याच तुकड्याला रस्ता जोडत होता. सोबती बिचारा त्या रस्त्याने चालायला गेला आणि नसलेल्या जमिनीवर पाय टाकून पडला. म्हणून लॉगमध्ये नाव त्याचं!

उपाय? गाववाल्या मॉडच्या लेखकाने नेमक्या याच जोडीसाठी छोटा पॅच देऊन ठेवला होता आणि वर्णनात तसं लिहिलंही होतं. पॅच टाकला, क्रॅश गेला. पॅच काढला, क्रॅश परत आला. पुन्हा टाकला, पुन्हा गेला. ही शेवटची उलटसुलट चाचणी टाळू नका. तिच्याशिवाय 'आपण दुरुस्त केलं' आणि 'आपोआप थांबलं' यांत फरक करता येत नाही.

साडेतीन हजार वाचले, प्रोजेक्टचा कोड जागेवर राहिला, ६१ तासही वाचले.

अधूनमधून होणारा क्रॅश

वरची केस सोपी होती, कारण क्रॅश दर वेळी येत होता. तीनदा खेळलं की एकदा येतो, असा क्रॅश असेल तर? एकदा गेम चालला म्हणजे तो गट निर्दोष असं म्हणता येत नाही. इथे एम-थ्री नाही, पण प्रोबॅबिलिटी कामाला येते. दोषी मॉड चालू असूनही एका फेरीत क्रॅश न येण्याची शक्यता दोन तृतीयांश. आठ फेऱ्या ओळीने निर्विघ्न जाण्याची शक्यता दोन तृतीयांशचा आठवा घात, म्हणजे जवळजवळ ४ टक्के. तेव्हा अशा क्रॅशसाठी प्रत्येक गटाला आठ फेऱ्या द्याव्या लागतील. कंटाळवाणं आहे खरं, पण त्याआधी निकाल देणं म्हणजे नाणं एकदा उडवून ते खोटं ठरवण्यासारखं आहे. त्यापेक्षा क्रॅश लवकर कसा येईल ते शोधा : भराभर जागा बदला, गर्दीच्या शहरात शिरा, लढाई लावा. फेरी जितकी छोटी तितकी रात्र मोठी.

मेमरीचा हिशेब

'४के टेक्स्चर' टाकताना पाहा. ४०९६ गुणिले ४०९६ पिक्सेल, प्रत्येकी ४ बाइट, म्हणजे ६४ एमबी. त्याची लहान लहान रूपं, म्हणजे मिपमॅप, धरली की सुमारे ८५ एमबी. 'बीसी७' पद्धतीने दाबलं तर हेच २१ एमबीच्या आसपास येतं. ४ जीबीच्या ग्राफिक्स कार्डात अशी जेमतेम १९० चित्रं मावतील, आणि एका दगडाला रंगाचं एक आणि उठावाचं एक अशी निदान दोन लागतात. २के घेतलंत तर जागा एक चतुर्थांश. होस्टेलच्या पंधरा इंची स्क्रीनवर हा फरक शोधायला भिंग लागेल!

आणखी एक : 'एसएसडी झिजते' म्हणून काही जण विंडोजची पेजफाइल बंद करतात. ती बंद असली की रॅम रिकामी दिसत असूनही विंडोज मेमरी द्यायला नकार देऊ शकते, आणि मॉडने भरलेला गेम तिथेच मान टाकतो. पेजफाइल विंडोजवर सोपवा.

सेव्ह फाइलशी खेळू नका

स्क्रिप्ट असलेला मॉड खेळाच्या मध्येच काढला, तर त्याच्या अर्धवट चालू स्क्रिप्ट सेव्हमध्ये अनाथ होऊन राहतात. त्याचा त्रास आज नाही, दहा तासांनी दिसतो. म्हणून कुठलीही तपासणी करण्याआधी 'सेव्हज' फोल्डरची कॉपी दुसरीकडे ठेवा. नवा मॉड टाकण्याआधीही एक सेव्ह वेगळी ठेवा. मॉड पटला नाही तर त्याच सेव्हवर परत जायचं.

थोडक्यात

१. काही बदलण्याआधी कॉपी घ्या.
२. क्रॅश बोलावला की येतो का, ते पाहा. येत नसेल तर तो लवकर आणायची युक्ती शोधा.
३. मॉड नसलेला गेम आणि मेमटेस्ट, या दोन चाचण्या पैसे खर्च करण्याआधी.
४. एका वेळी एकच बदल, आणि प्रत्येक चाचणी वहीत.
५. निम्मे-निम्मे करा. दोन्ही भाग निर्दोष निघाले तर जोडी शोधा.
६. दुरुस्ती काढून पाहा. क्रॅश परत आला तरच ती दुरुस्ती खरी.

आता यातून 'मॉड' हा शब्द काढा आणि तिथे लायब्ररी, सर्किटचा ब्लॉक, सेन्सर किंवा कोडमधला कालचा बदल असं काहीही घाला. यादी जशीच्या तशी चालते. सोर्स कोडसाठी तर 'गिट बायसेक्ट' नावाची आज्ञाच आहे, ती हेच कुंपण आपोआप घालत जाते. फायनल इयरचा प्रोजेक्ट डेमोच्या आदल्या रात्री बंद पडतो हा सृष्टीचा नियम आहे. त्या रात्री सहा जण सहा गोष्टी एकदम बदलतात, आणि पहाटे तो चालू झाला तरी कशामुळे झाला ते कुणालाच ठाऊक नसतं. मग व्हायव्हात तो पुन्हा बंद पडतो!

तर ज्यांचा गेम उडतोय त्यांनी वही घ्यावी आणि लागावं कामाला. क्रॅश लॉग समजत नसेल तर रात्री जेवणानंतर दुसऱ्या मजल्यावर या, मिळून पाहू. येताना चाचण्यांची यादी मात्र लिहून आणा. "सगळं करून पाहिलं" ही यादी नव्हे!

— तृतीय वर्ष, संगणक अभियांत्रिकी